तुळशीवरचा पिठ्या

पहिला ठिपका कोकिळेला दिसला तो दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी. तुळशीच्या पानाखाली, शिरेला चिकटून, चिमूटभर पीठ सांडावं तसं पांढरं. दुसरी कोणी असती तर रांगोळी उडाली असेल म्हणून हात झटकून निघून गेली असती. पण कोकिळा अमडापूरच्या महादेवरावांची लेक. महादेवरावांचा भाजीचा मळा होता. वांग्यावरचा मावा कोणता आणि भेंडीवरचे तुडतुडे कोणते, हे पोरीला बाराखडीच्या आधी येत होतं. तिनं तो ठिपका नखानं दाबला. पिठाखालून गुलाबी रस निघाला. पिठ्याच तो! मग तिनं खोडाकडे पाहिलं. मुंग्यांची रांग वर चढत होती, आणि खालची पानं हाताला चिकट लागत होती. मुंगी उगाच झाडावर चढत नाही. पिठ्याच्या अंगातून गोड चिकटा गळतो, तो चाटायला ती जाते, आणि जाता-येता पिठ्याला या फांदीवरून त्या फांदीवर वाहून नेते. हे बापानं तिला हाताला धरून दाखवलं होतं.

किडीची तिला भीती नव्हती. मेथीच्या वाफ्यात साप निघाला तरी विळा न टाकणारी पोरगी ती, पिठ्याला काय भिणार! भीती होती सासूची. ही तुळस म्हणजे वच्छलाबाईचा जीव की प्राण, आणि तेही नुसतं म्हणण्यापुरतं नाही. दोन लेकरं पाळण्यातच गेल्यावर तिनं तुळशीला नवस केला होता, मग इंद्रभान झाला. तेव्हापासून त्याच तुळशीच्या मंजिरीचं बी पेरून पेरून वडनेर भोलजीच्या त्या अंगणात तिनं तुळशीचा वंश तुटू दिला नव्हता. तुळस हिरवी तोवर माझा इंद्रभान धडधाकट, असं ती येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायची. आणि तोच इंद्रभान, कोकिळेचा नवरा, मुदतीच्या तापानं पंधरा दिवस आत अंथरुणाला खिळला होता.

कोकिळेच्या लग्नाला जेमतेम सहा महिने झालेले. वैशाखात ती आली, आषाढात बैल मेला, भादव्यात नवऱ्याला ताप भरला. शेजारची सुभद्राबाई विहिरीवर म्हणाली होती, पोरगी पांढऱ्या पायाची दिसते. विहिरीवरचं बोलणं घरी पोचायला कितीसा वेळ लागतो? वच्छलाबाई सुनेला तोंडावर काही बोलली नाही. पण ताप चढला त्या दिवशी तिनं नवऱ्याला, पुंजाजीला, बजावून सांगितलं, की पोराचं काही कमी-जास्त झालं तर ही मला या घरात दिसता कामा नये. कोकिळेनं दाराआडून ते ऐकलं होतं. नवरा जगला तर तिला घर होतं, नाहीतर काहीच नव्हतं. आणि घराचं सोडा, तो तिला आवडत होता. सहा महिन्यांत त्यानं तिला एकदाही आवाज चढवून हाक मारली नव्हती. आजारात भ्रमात बडबडायचा, तेव्हाही तिचं नाव हळूच घ्यायचा.

तर तिनं काय केलं, रिठे भिजवून फेस काढला, जुन्या लुगड्याची मऊ चिंधी घेतली, आणि सासू उठायच्या आत तुळशीपाशी बसली. एकेक पान उलटं करायचं आणि खालून शिरेशिरेनं पुसायचं. फांद्यांच्या बेचक्यात पिठ्या दडून बसतो, तिथं काडीला चिंधी गुंडाळून फिरवायची. मग झाड साध्या पाण्यानं धुवायचं आणि बुडाशी चुलीतली कोरडी राख गोल पसरायची, म्हणजे मुंगी वर चढत नाही. एकदा करून भागत नाही, कारण अंडी राहतात. चार-चार दिवसांनी तीन वेळा करावं लागतं. यात ना जहर, ना खर्च, नुसता धीर लागतो. आणि नेमका धीरच त्या घरात शिल्लक नव्हता.

दुसऱ्या खेपेला वच्छलाबाईनं तिला पकडलं. तुळशीच्या अंगावरून फेस ओघळतोय आणि सून चिंधीनं पानं चोळतेय, हे पाहून बाई तिच्या अंगावर धावून आली. कोकिळेनं सांगायचा प्रयत्न केला, की आत्याबाई, कीड आहे, चार दिवसांनी आणखी एकदा करू द्या, झाड पुन्हा तरारून उठेल.

"तुळशीले फेसाचं पानी घालते? धुनं हाय का ते?" वच्छलाबाई म्हणाली. "चातुर्मासात तुळशीवर जीव मारते, आन माह्या पोराचा जीव तिच्यात अडकेल हाय. आजपासून तिले हात लावू नोको."

झालं! कोकिळेनं चिंधी टाकली, राख झाडून काढली. सासूपुढे बोलायची तिची काय छाती होती? चार दिवसांत मुंग्या पुन्हा चढल्या, आठ दिवसांत फांद्या पांढऱ्या झाल्या. चिकट्यावर काळी बुरशी धरली, पानं पिवळी पडून गळायला लागली. वच्छलाबाई ती गळलेली पानं ओंजळीत घेऊन पुंजाजीसमोर बसायची आणि डोळ्यांना पदर लावायची. इकडे ताप उतरला होता बरं का! नांदुऱ्याचे डॉक्टर येऊन पाहून गेले होते. एकविसावा दिवस पार पडला, आता मुगाचं पाणी आणि दूध द्या, पोरगं सुटलं, असं ते म्हणाले होते. पण वच्छलाबाईचा डॉक्टरपेक्षा तुळशीवर विश्वास. तुळस वाळतेय म्हणजे ताप दबा धरून बसलाय, असं तिनं धरलं. रोज सकाळी ती दहा-बारा पानं खुडायची, आलं-मिरे-गूळ घालून काढा करायची, आणि लेकाला आपल्या हातानं चमच्याचमच्यानं पाजायची. स्वतः मात्र पोरगं उठून बसेपर्यंत तुळशीचं पान तोंडात घालणार नाही, असं व्रत धरून होती.

पुंजाजी अबोल माणूस. वावरात बैलांशी बोलेल तेवढंच त्याचं बोलणं. बायको रडायला लागली की तो उठून गोठ्यात जायचा. पण रोजचं रडणं माणसानं किती दिवस टाळावं! त्या वर्षी महाराष्ट्र होऊन तीन-चार वर्षं झाली असतील. कपाशीवर मारायचं नवं औषध गावात आलं होतं. पंपात चमचाभर टाकायचं, अन् बोंडातली अळी संध्याकाळपर्यंत खाली पडायची. त्या औषधाचा एक डबा पुंजाजीच्या गोठ्यात आढ्याला टांगलेला असायचा. डब्यावर कवटीचं चित्र होतं, तरी गावात सगळे त्याला औषधच म्हणायचे. फवारून आलेल्या पुंजाजीचे कपडे कोकिळा वेगळे धुवायची. रॉकेलसारखा, पण त्याहून उग्र असा त्याचा वास नाकात दोन दिवस राहायचा.

अशातच कोकिळा बाहेर बसली. त्या काळी बाई महिन्याचे चार दिवस बाहेर म्हणजे खरोखर बाहेर. गोठ्याला लागून पडवी होती, तिथं घोंगडी, वेगळं ताट, वेगळा तांब्या. घरात पाऊल नाही, कोणाला शिवायचं नाही, आणि तुळशीवर तर सावलीसुद्धा पडू द्यायची नाही. विटाळशीचा हात लागला की तुळस वाळते, विटाळशीचं बोट लागलेलं अन्न खाल्लं तर आजारी माणूस दगावतो, हे लहानपणापासून ऐकत आलेली. आणि खरं सांगायचं तर कोकिळेचाही त्यावर विश्वास होता. पिठ्या, मावा कळत होते म्हणून बाकीची भीती सुटली होती असं नाही. पडवीत बसून ती दहा-बारा पावलांवरच्या तुळशीकडे पाहत राही आणि मनात म्हणे, माझ्यामुळं काही व्हायला नको रे देवा.

दुसऱ्या दिवशी दुपारी ती नाल्यावर आपले कपडे धुवायला गेली. वच्छलाबाई मारुतीला गेली होती. घरात इंद्रभान झोपलेला आणि पुंजाजी तेवढा जागा. कोकिळा परत आली तेव्हा पुंजाजी विहिरीवर तांब्या घासत होता, मातीनं, खसाखसा. त्यानं वर पाहिलं नाही. तिलाही त्यात काही वावगं वाटलं नाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी तिला दिसलं, की ओट्यावरून तुळशीकडे जाणारी मुंग्यांची काळी रेघ नाहीशी झाली आहे. तिला आनंद झाला. राखेचा काहीतरी असर राहिला असेल, असं तिनं समजून घेतलं. वच्छलाबाई आली, हात जोडले, पानं खुडली, आत गेली. थोड्या वेळानं गुळाचा आणि आल्याचा वास पडवीपर्यंत आला.

मग दोन घटका गेल्या असतील नसतील, आतून ओकारीचा आवाज आला. एकदा, दोनदा, थांबेचना. पाठोपाठ बाजेचा करकर आवाज, कोणी ती धरून हलवावी तसा, आणि वच्छलाबाईची किंकाळी. कोकिळा उभी राहिली. उभीच राहिली, कारण जाणार कुठं? पुंजाजी धावत बाहेर आला, तेव्हा तिनं लांबूनच विचारलं. तो म्हणाला, ओकला, हातपाय झटकून राह्यला, डोये पांढरे केले. एवढं बोलून त्यानं सायकल काढली आणि डॉक्टरला आणायला नांदुऱ्याची वाट धरली.

ताप उलटला, असं सगळ्यांनी धरलं. सुभद्राबाई येऊन बसली. दुपारभर कोकिळा भिंतीला कान लावून बसली होती. बाज करकरली की तिचं काळीज लटलटायचं, थांबली की त्याहून जास्त. तो मेला तर आपल्याला भिंतीपलीकडून कळणार, कोणाच्या तरी रडण्यावरून. शेवटचं तोंड पाहायलाही कोणी आत घेणार नाही. ती तुळशीकडे तोंड करून हात जोडायला गेली, तर हात अर्ध्यातच थांबले. आज तिला हात जोडायचीही परवानगी नव्हती.

तिसरा प्रहर उलटला. तुळशीच्या ओट्यावर एक चिमणी उतरली, काहीतरी टिपलं, आणखी टिपलं. उडायला गेली आणि कलंडली. पुन्हा उठली, एका अंगावर गोल फिरली, पंख फडफडले. मग पाय ताणून पडली ती पडलीच.

कोकिळा घोंगडीवरून पुढं सरकली. चिमण्या मरतात, त्यात नवल नाही. पण अशी पाय ताणून, मान वळवून मरताना तिनं एकदाच एका जिवाला पाहिलं होतं. अमडापूरला शेजाऱ्याच्या शेळीनं नुकत्याच फवारलेल्या वांग्याला तोंड लावलं होतं. शेळी आधी ओकली, मग तिचे पाय झटके देऊ लागले, डोळे पांढरे झाले. महादेवरावांनी मळ्यातल्या सगळ्यांना ती शेळी दाखवली होती आणि सांगितलं होतं, हे पाहून ठेवा.

आधी ओकली, मग पाय झटकले. डोये पांढरे केले. पुंजाजीचे शब्द तिच्या कानात वाजले.

ती उठली. पडवीची हद्द ओलांडून तुळशीपाशी गेली, पदर आवळून, आपली सावली मागं पडेल अशी. ओट्यावर मुंग्या होत्या, सगळ्या होत्या. रांगेतच मरून पडलेल्या, मोहरीचे दाणे सांडल्यासारख्या. पानांवरचा पिठ्या पिवळा पडून वाळला होता, आणि पानांवर तेलकट चकाकी होती. तिनं वाकून वास घेतला. तोच वास. दोन दिवस नाकात राहणारा.

त्याच क्षणी वच्छलाबाई तरातरा बाहेर आली. दिवे लागल्यावर तुळस खुडत नाहीत, म्हणून तिची घाई. सून तुळशीवर वाकलेली पाहून ती आधी दगडासारखी झाली आणि मग जे बोलली ते इथं सांगण्यासारखं नाही. कोकिळा मागं सरली. ती सांगत होती, आत्याबाई, पानं खुडू नका, यावर कपाशीचं औषध पडलंय, मुंग्या पाहा, चिमणी पाहा. वच्छलाबाईनं पाहिलं नाही. तिनं पानं खुडली, सकाळी दहा-बारा होती, आता मूठभर. सकाळचा काढा कमी पडला म्हणून ताप उलटला, असा तिचा हिशेब. वासाचं म्हणाल तर तपकीर ओढून ओढून तिच्या नाकानं कधीच राजीनामा दिला होता.

"तुळशीले जहर कोन घालीन?" आत जाता जाता ती एवढंच म्हणाली. "तूच घातलं काय?"

कोकिळेला ठाऊक नव्हतं कोणी घातलं ते. त्या गावात तुळशीवर जहर टाकणारा माणूस असू शकतो, हे तिलाच पटत नव्हतं, तर सासूला कसं पटावं! ती दारापर्यंत गेली. उंबऱ्याबाहेर उभी राहून तिनं हाका मारल्या, सुभद्राबाईला विनवलं, की मावशी, तुम्ही तरी येऊन वास घ्या. सुभद्राबाई आतूनच म्हणाली, पोरी, विटाळात उंबऱ्याशी उभी राहू नकोस, आत माणूस शेवटच्या घटका मोजतोय. चुलीवर पातेलं खदखदायला लागलं होतं. आल्याचा वास आला. गूळ पडला. वच्छलाबाईनं पेला पुसून ठेवल्याचा आवाज आला.

कोकिळेच्या मनात आलं. समजा, आपलं चुकलं असेल. समजा, वास मनाचाच असेल, चिमणी उन्हानं मेली असेल, आणि खरंच ताप उलटला असेल. मग आपण आत पाऊल टाकलं, घर विटाळलं, आणि त्याच पायी तो गेला तर? पांढऱ्या पायाची, असं सारं गाव म्हणेल, आणि त्याहून वाईट म्हणजे ते खरं असेल. तिला रडू कोसळलं. जिवाच्या आकांतानं तिनं फाटकाकडे पाहिलं, पुंजाजी दिसतो का म्हणून. कोणीच नव्हतं.

आत वच्छलाबाईनं पातेलं उतरवलं. कोकिळेला एकच गोष्ट सुचली. सासू तिचं ऐकत नव्हती, सुभद्राबाई ऐकत नव्हती, पण तिच्या विटाळाचं दोघीही ऐकणार होत्या.

ती उंबरा ओलांडून आत गेली. तीन पावलांत चुलीपाशी पोचली आणि वच्छलाबाईच्या हातातल्या पातेल्यात, उकळत्या काढ्यात, तिनं उजव्या हाताची चारही बोटं बुडवली. वच्छलाबाईच्या हातून पातेलं सुटलं. काढा शेणानं सारवलेल्या भुईवर पसरला.

मग जे झालं ते होणारच होतं. वच्छलाबाईनं कपाळ बडवून घेतलं. तुळस विटाळली, चूल विटाळली, माह्या पोराले मारलं व हिनं, असा तिनं टाहो फोडला. सुभद्राबाईनं कोकिळेला काठीनं ढकलत अंगणात नेलं, हातानं शिवायला नको म्हणून. कोकिळा अंगणात बसली. बोटांवर फोड उठत होते, तिला त्याची शुद्ध नव्हती. आतली बाज पुन्हा करकरायला लागली होती, आणि ते आपल्यामुळं, आपल्या आत जाण्यामुळं, असं तिच्या मनात आल्यावाचून राहिलं नाही. ती पुटपुटत होती, जगू दे, मला हाकलून दिलं तरी चालेल, त्याला जगू दे.

दिवेलागणीला पुंजाजी आला, एकटाच. डॉक्टर बाहेरगावी गेले होते, दिवसभर दारात वाट पाहिली तरी आले नव्हते, रात्री परतणार होते. वच्छलाबाईनं त्याला दारातच गाठून सगळं सांगितलं. हिनं काय केलं, कशी आत घुसली, आन म्हणते काय, तर तुळशीवर कपाशीचं औषध हाय. पुंजाजी सायकल धरून उभा होता. ती त्याच्या हातून सुटून पडली.

"म्या मारलं," तो म्हणाला.

वच्छलाबाई दाराच्या चौकटीला टेकली.

"तू रोज रडून राह्यली होती," पुंजाजी म्हणाला. "कपाशीची अळी जाते, त हेही जाईन म्हटलं. तांब्यात कालवलं आन निंबाच्या डहाळीनं शिंपलं. पानी पडलं की धुऊन जाईन वाटलं मले."

पंपात चमचाभर पडायचं ते औषध त्यानं तांब्याभर पाण्यात अंदाजानं धार धरून ओतलं होतं. रोग रेड्याला आणि औषध पखालीला, असं म्हणतात ना? इथं औषध पखालीलाही नव्हतं, थेट पोराच्या तोंडात गेलं होतं. पण हे अजून कोणाच्या ध्यानात आलं नव्हतं. वच्छलाबाईच्या चेहऱ्यावर उलट सुटल्याची कळा आली होती. सांडला तो काढा, पोरगं वाचलं, असं ती म्हणायच्या बेतात होती.

"मामंजी," कोकिळेनं अंगणातून विचारलं, "कवा मारलं?"

"काल. काल दुपारी."

वच्छलाबाईनं नवऱ्याकडे पाहिलं, मग आपल्या उजव्या हाताकडे. सकाळी काढा पोराच्या नाकातोंडातून बाहेर येत होता, तेव्हा ती म्हणाली होती, घे रे माह्या राजा, एवढा एक चमचा घे. पेला तळापर्यंत तिनंच रिता केला होता. तिनं तो हात लुगड्याला पुसला. पुन्हा पुसला. पुसतच राहिली.

शेवटी कोकिळाच ओरडली, की मामंजी, गाडी जुंपा. शेजारचा एक बैल जोडीला मागून आणून गाडी जुंपली. इंद्रभानला घोंगडीत घालून आणलं तेव्हा त्याचे दात घट्ट बसले होते आणि टाचा गाडीच्या फळीवर आपटत होत्या. कोणीतरी त्याचं डोकं मांडीवर धरून बसायला हवं होतं. वच्छलाबाई चाकाशी उभी होती. तिनं हात पुढं केला आणि मागं घेतला.

"तू बैस," ती सुनेला म्हणाली. "तूच धर त्याले."

नांदुऱ्यापर्यंतची ती वाट कोकिळा जन्मात विसरली नाही. झटका आला की ती त्याला छातीशी आवळून धरायची, आणि झटका थांबला की त्याच्या नाकाखाली भाजलेलं बोट धरून श्वास आहे का बघायची. दवाखान्यात डॉक्टर नुकतेच येऊन पोचले होते. पोटात काय गेलं, किती गेलं, कोणी दिलं, त्यांनी भराभर विचारलं. वच्छलाबाई पुढं झाली. माह्या हातानं गेलं, म्हणाली, पुरा पेला पाजला. डॉक्टरांनी तिच्याकडे पाहिलं आणि सुई भरली.

दोन दिवस काही सांगता येत नाही, असं म्हणाले. दोन दिवस गेले. तिसऱ्या दिवशी झटके थांबले आणि इंद्रभाननं पाणी मागितलं. सकाळचाच डोस दुसऱ्यांदा पोटात गेला असता तर गाडी जुंपायची गरज पडली नसती, असं डॉक्टर पुंजाजीला म्हणाले. पुंजाजीनं घरी येऊन तुळस मुळासकट उपटली आणि वावराच्या कडेला खोल खड्डा करून पुरली. डबाही त्याच खड्ड्यात टाकणार होता. कोकिळेनं त्याला थांबवून सांगितलं, की मामंजी, जमिनीत जहर जाईल, तो झाकण लावून उंच कुलपात ठेवा. सुनेचं ऐकायची त्याला आता सवय होत होती. गावात सुभद्राबाई विहिरीवर वेगळंच सांगू लागली, की पोरीच्या पायगुणानं माणूस वाचला. तिच्या तोंडाला कोण लागणार?

इंद्रभान हिंडू-फिरू लागला, पण वच्छलाबाई काही पहिल्यासारखी झाली नाही. ताट वाढायची आणि लेकासमोर सरकवताना थबकायची. भाकरीचा तुकडा मोडून उजेडात धरायची. पाणी दोनदा गाळायची. रात्री तो खोकला तरी ही उठून बसायची, आणि सकाळी विचारायची, काल त्याच्या पोटात काय-काय गेलं होतं गं? इंद्रभान हसायचा, म्हणायचा, माय, मी बरा हाय. तिला हसू यायचं नाही.

पुढच्या महिन्यात कोकिळा पुन्हा बाहेर बसली. तिसऱ्या दिवशी सकाळी ती पडवीत शेंगा निवडत होती, तेव्हा वच्छलाबाई घरातून आली. हातात दुधाचा पेला, वर वाफ. ती पडवीच्या हद्दीशी थांबली नाही. आत आली, सुनेसमोर उकिडवी बसली आणि पेला तिच्यापुढं धरला.

"मले वास येत नाही," ती म्हणाली. "तू पाह्य."

कोकिळेनं लांबूनच वास घेतला. दूधच होतं, साखर घातलेलं. चांगलं आहे, असं तिनं सांगितलं. वच्छलाबाई उठली नाही.

"हात लाव याले."

"आत्याबाई, माहा तिसरा दिवस हाय."

"ठाऊक हाय मले," वच्छलाबाई म्हणाली. "तू हात लाव, मंग देतो मी त्याले."

कोकिळेनं पेल्याला हात लावला. वच्छलाबाईनं तो दोन्ही हातांनी धरला आणि ती लेकाकडे घेऊन गेली.